निवांत व्हीआर खेळ सुरळीत आणि सुस्पष्ट कसा चालवावा : ‘कयाक व्हीआर: मिराज’च्या आधारे नवख्यांसाठी मार्गदर्शक

व्हीआर (आभासी वास्तव) हेडसेट नव्याने घेणारी बरीच मंडळी सुरुवातीलाच एखादा निवांत खेळ घेतात. त्यात शत्रू नसतात आणि घाईही नसते. पाणी, आकाश, झाडी आणि हातातले वल्हे एवढ्यावर तासभर सहज जातो. ‘कयाक व्हीआर: मिराज’ हा या प्रकारातला ठळक खेळ आहे. ‘बेटर दॅन लाइफ’ या स्टुडिओने तो २०२२ मध्ये संगणकासाठी स्टीम या ऑनलाइन खेळ-दुकानात आणला आणि फेब्रुवारी २०२३ मध्ये तो प्लेस्टेशन व्हीआर२ या सोनीच्या हेडसेटवरही आला. कोस्टा रिका, अंटार्क्टिका, नॉर्वे आणि ऑस्ट्रेलिया इथल्या निसर्गावर बेतलेल्या जलाशयांतून त्यात कयाक (चिंचोळी, हलकी होडी) वल्हवता येते. खेळ देखणा आहे, पण नवख्या माणसाला तो पहिल्या दिवशी क्वचितच तसा दिसतो. चित्र धूसर येते, पाण्यावर चौकोनी ठिपके उमटतात, मान वळवली की दृश्य अडखळते आणि थोड्या वेळात मळमळू लागते. मग माणूस एकतर ग्राफिक्स कार्डाला दोष देतो, नाहीतर सगळ्या सेटिंग्ज एकदम खाली आणतो. बहुतेक वेळा या दोन्हींची गरज नसते.

निवांत खेळ संगणकाला हलका जात असेल, हा समज आधी बाजूला ठेवावा. नेमबाजीच्या खेळात नजर लक्ष्यावर खिळलेली असते, त्यामुळे कडेच्या झाडाची पाने चमचमली तरी कुणाच्या लक्षात येत नाही. इथे मात्र पाहण्यासारखे दुसरे काही नसतेच. नजर लाटेवर, किनाऱ्यावर, पानांच्या कडांवर रेंगाळते आणि तिथला प्रत्येक दोष तिला सापडतो. शिवाय तुम्ही खुर्चीत बसलेले असता आणि दृश्य मात्र पुढे सरकत असते. डोळे सांगतात की आपण चाललो आहोत आणि कानातली तोल सांभाळणारी यंत्रणा सांगते की आपण जागेवरच आहोत. या विसंगतीत फ्रेम, म्हणजे एकापाठोपाठ येणारी चित्रे, अडखळण्याची भर पडली की त्रास लवकर सुरू होतो. म्हणून या लेखातला क्रम मुद्दाम ठरवलेला आहे : आधी भिंगे आणि जोडणी, मग स्थिर फ्रेम, त्यानंतर रेझोल्यूशन (चित्रातल्या पिक्सेलांची संख्या) आणि सर्वांत शेवटी दृश्याची सजावट. हा क्रम उलटा करणाऱ्यांचीच सर्वाधिक दमछाक होते.

काय काय लागेल

- हेडसेट. पुढचे बरेचसे विवेचन मेटा क्वेस्ट २, ३ किंवा ३एस संगणकाला जोडून वापरणाऱ्यांसाठी आहे. इतर हेडसेटवाल्यांनी जोडणीची पायरी गाळली तरी चालेल.
- स्वतंत्र ग्राफिक्स कार्ड असलेला संगणक किंवा लॅपटॉप.
- यूएसबी ३ ची लांब केबल, किंवा ५ गिगाहर्ट्झवर चालणारा राउटर आणि संगणकापासून राउटरपर्यंत जाणारी इथरनेट केबल.
- स्टीमव्हीआर (संगणकावर व्हीआर खेळ चालवणारे स्टीमचे सॉफ्टवेअर), आणि त्यासोबत ‘एफपीएस व्हीआर’ हे स्टीमवर विकत मिळणारे मोजमापाचे साधन. पैसे खर्च करायचे नसतील तर स्टीमव्हीआरमधला फ्रेम-वेळेचा आलेखही पुरतो.
- भिंगे पुसण्यासाठी कोरडे मायक्रोफायबर कापड.
- हात नसलेली खुर्ची. हात असलेल्या खुर्चीवर वल्हवताना कंट्रोलर आपटतात.
- वही आणि पेन. आकडे लक्षात राहत नाहीत, ते लिहूनच ठेवावे लागतात.

१. धूसरपणा कुठून येतो ते आधी ओळखा

कोणत्याही सेटिंगला हात लावण्यापूर्वी खेळात एका जागी थांबा आणि दूरच्या किनाऱ्याकडे पाहा. मान स्थिर ठेवा, मग सावकाश डावीकडून उजवीकडे वळवा. या साध्या तपासणीतून चार निरनिराळे दोष वेगळे होतात.

चित्र मधोमध स्पष्ट आणि कडांना पुसट असेल, तर प्रश्न भिंगांचा किंवा हेडसेट डोक्यावर नीट न बसल्याचा आहे. मान स्थिर असताना चित्र स्वच्छ दिसते, पण वळवताच पाण्यावर आणि आकाशात चौकोनी ठिपके येत असतील, तर प्रश्न जोडणीचा आहे. मान स्थिर असूनही दूरचा किनारा धुक्यात बुडाल्यासारखा दिसत असेल, तर रेझोल्यूशन कमी पडते आहे. आणि चित्र स्वच्छ असूनही मान वळवताना झाडांच्या दोन-दोन प्रतिमा दिसत असतील, तर फ्रेम वेळेत तयार होत नाहीत.

आणखी एक दोष या चारांत मोडत नाही आणि नवखे लोक त्याला हमखास फ्रेमचा दोष समजतात. दृश्य अगदी स्थिर आहे, पण हातातले वल्हे थरथरते आहे, असे दिसले तर ग्राफिक्सच्या सेटिंग्ज बदलून काहीही साधणार नाही. ते कंट्रोलरचा माग काढणाऱ्या कॅमेऱ्यांचे काम आहे. खोलीत पुरेसा उजेड ठेवा, समोरचा मोठा आरसा झाका आणि क्वेस्टच्या सेटिंग्जमध्ये ट्रॅकिंगची वारंवारता तपासा. भारतात वीजपुरवठा ५० हर्ट्झचा आहे, तर अमेरिकेत ६० हर्ट्झचा. तिकडून आणलेल्या हेडसेटवर ही निवड ६० वर राहिली असेल, तर दिव्यांच्या लुकलुकण्यामुळे कॅमेऱ्यांना त्रास होऊ शकतो.

२. भिंगे आणि डोळ्यांतले अंतर

दोन्ही बुबुळांमधले अंतर चष्म्याच्या दुकानात मोजून मिळते. क्वेस्ट २ आणि ३एस मध्ये भिंगांच्या तीनच जागा आहेत : ५८, ६३ आणि ६८ मिलिमीटर. क्वेस्ट ३ मध्ये चाक फिरवून हवे ते अंतर बसवता येते. तुमचे माप ६५ किंवा ६६ असेल तर तीन जागांच्या हेडसेटवर दोन्ही शेजारच्या जागा वापरून पाहा आणि किनाऱ्यावरचे बारीक तपशील जिथे स्पष्ट दिसतील ती ठेवा.

त्यानंतर हेडसेट गालांवर वर-खाली सरकवून सर्वांत स्पष्ट जागा शोधा आणि तिथेच पट्टा आवळा. क्वेस्ट २ आणि ३एस मध्ये फ्रेनेल भिंगे आहेत. त्यांचा स्पष्ट भाग लहान असतो, त्यामुळे पट्टा किंचित घसरला तरी सगळे चित्र धूसर होते. क्वेस्ट ३ ची पॅनकेक भिंगे याबाबत पुष्कळ उदार आहेत. भिंगे नेहमी कोरड्या कापडाने पुसावीत; स्पिरिट किंवा सॅनिटायझर अजिबात लावू नये. हेडसेट उन्हात ठेवू नये, ही सूचनाही गंभीरपणे घ्यावी. खिडकीतून आलेले ऊन भिंगातून एकवटून आतल्या पडद्यावर पडते आणि तिथे कायमचा डाग पडतो.

३. जोडणी

क्वेस्ट संगणकाला जोडला की खेळाचे चित्र आधी ग्राफिक्स कार्डावर तयार होते, मग व्हिडिओसारखे दाबून लहान केले जाते, केबलमधून किंवा वाय-फायवरून हेडसेटमध्ये जाते आणि तिथे पुन्हा उलगडते. ही दाबादाबी शांत भिंतीच्या चित्राला सोसते, पण हलत्या पाण्याला सोसत नाही. कारण व्हिडिओ दाबण्याची पद्धत मागच्या फ्रेममधला न बदललेला भाग पुन्हा वापरण्यावर टिकून असते, आणि लाटा व पाने प्रत्येक फ्रेममध्ये बदलतात. म्हणजे निवांत निसर्गखेळ हा या पद्धतीची सर्वांत कठीण परीक्षा घेतो. रेझोल्यूशन कितीही वाढवले तरी इथे माती झालेले चित्र पुढे सुधारत नाही.

केबल वापरणार असाल तर ती यूएसबी ३ चीच आहे याची खात्री करा. यूएसबी २ ची कागदोपत्री मर्यादा ४८० एमबीपीएस आहे, तर यूएसबी ३ ची ५ जीबीपीएसपासून सुरू होते. चार्जिंगसाठी मिळालेली केबल बहुधा यूएसबी २ ची असते आणि दिसायला मात्र सारखीच दिसते. मेटाच्या संगणकावरील अ‍ॅपमध्ये केबलचा वेग तपासण्याची सोय आहे, ती वापरावी.

वाय-फाय वापरणार असाल तर संगणक राउटरला इथरनेट केबलने जोडलेला असणे ही पहिली अट आहे. संगणकही वाय-फायवर आणि हेडसेटही वाय-फायवर असेल, तर तीच माहिती हवेतून दोनदा प्रवास करते. राउटर त्याच खोलीत असावा आणि हेडसेट ५ गिगाहर्ट्झच्या पट्ट्यावर असावा. राउटरचे २.४ आणि ५ गिगाहर्ट्झ एकाच नावाने चालत असतील, तर दोन्हींना वेगवेगळी नावे द्या, म्हणजे हेडसेट गुपचूप २.४ वर जाणार नाही. पुण्या-मुंबईच्या इमारतींमध्ये शेजारच्या घरांचे राउटर एकाच चॅनेलवर गर्दी करतात. फोनवरच्या एखाद्या वाय-फाय तपासणाऱ्या अ‍ॅपमध्ये ३६ ते ४८ आणि १४९ च्या पुढचे चॅनेल पाहा आणि त्यातला मोकळा निवडा. इंटरनेटच्या प्लॅनचा वेग वाढवून मात्र काही मिळत नाही, कारण हे सगळे दळणवळण घरातल्या घरात चालते.

हवेतून चित्र नेण्यासाठी मेटाचे एअर लिंक, व्हॉल्वचे स्टीम लिंक आणि विकत मिळणारे व्हर्च्युअल डेस्कटॉप असे तीन पर्याय आहेत. नवख्यांना मी व्हर्च्युअल डेस्कटॉप सुचवतो, कारण त्यातली माहिती-पट्टी खेळ, दाबणे, जाळे (नेटवर्क) आणि उलगडणे यांना लागणारा वेळ वेगवेगळा दाखवते; दोष कोणत्या टप्प्यावर आहे ते डोळ्यांसमोर येते. एचईव्हीसी १० बिट हा कोडेक (व्हिडिओ दाबण्याची पद्धत) सूर्यास्ताच्या आकाशातले पट्टे बऱ्यापैकी घालवतो. क्वेस्ट ३ किंवा ३एस असेल आणि कार्ड एनव्हिडियाच्या आरटीएक्स ४० मालिकेतले किंवा एएमडीच्या आरएक्स ७००० मालिकेतले असेल, तर एव्ही१ हा कोडेक वापरून पाहावा. बिटरेट (दर सेकंदाला पाठवली जाणारी माहिती) मात्र बेताने वाढवा. आकडा कमाल केला की चित्र सुधारते, पण उलगडण्याचा वेळ वाढतो आणि वल्हे हाताच्या मागे मागे येऊ लागते. १५० एमबीपीएसपासून सुरुवात करून, पाण्यावरचे ठिपके नाहीसे होईपर्यंतच वर जावे.

जोडणी तपासण्याची आणखी एक सोपी खूण आहे. खेळाची खिडकी संगणकाच्या पडद्यावरही दिसत असते. तिथे सगळे सुरळीत आणि हेडसेटमध्ये अडखळ, असे घरातल्या दुसऱ्या माणसाने पाहून सांगितले, तर ग्राफिक्स कार्ड निर्दोष आहे.

४. मोजा, मग बदला

फ्रेम रेटपेक्षा फ्रेम-वेळ (एक फ्रेम तयार व्हायला लागणारा वेळ) पाहण्याची सवय लावा. हेडसेट ९० हर्ट्झवर असेल, म्हणजे सेकंदाला ९० फ्रेम दाखवत असेल (हाच रिफ्रेश रेट), तर प्रत्येक फ्रेमसाठी ११.१ मिलिसेकंद मिळतात. ८० वर १२.५, ७२ वर १३.९ आणि १२० वर केवळ ८.३. ग्राफिक्स कार्ड (जीपीयू) आणि प्रोसेसर (सीपीयू) या दोघांचे काम त्या मुदतीत संपले पाहिजे.

मोजणीसाठी खेळातली सर्वांत जड जागा निवडा. मोकळ्या समुद्राकडे पाहून घेतलेला आकडा फसवा असतो. ज्या ठिकाणी झाडी दाट आहे आणि पाण्यावर सूर्याचे प्रतिबिंब पडले आहे, तिथे कयाक उभी करा. त्याच जागी, त्याच दिशेला, दिवसाची तीच वेळ ठेवून प्रत्येक मोजणी करा. दृश्य पहिल्यांदा उघडल्यावर काही क्षण अडखळ असतेच, कारण शेडर (प्रकाश-रंग काढणारे छोटे प्रोग्राम) तयार होत असतात आणि चित्रे स्मृतीत भरली जात असतात. एकदा सभोवार पाहून घ्या, मग आकडे लिहा : जीपीयूची वेळ, सीपीयूची वेळ, व्हीआरएएम (ग्राफिक्स कार्डाची स्मृती) किती भरली आणि किती फ्रेम चुकल्या. मोजताना मोशन स्मूदिंग (मधल्या फ्रेम अंदाजाने बनवण्याची सोय, पायरी ८ पाहा) बंद ठेवा. ते चालू असले की खेळ अर्ध्या वेगाला बांधला जातो आणि तुमच्या बदलाचा खरा परिणाम दिसत नाही.

समजा ९० हर्ट्झवर जीपीयूची वेळ १४ मिलिसेकंद आणि सीपीयूची ५ आली. याचा अर्थ कार्ड कमी पडते आहे आणि रेझोल्यूशन उतरवल्यास लगेच फरक पडेल. उलट सीपीयू १३ आणि जीपीयू ८ असेल, तर रेझोल्यूशन निम्मे केले तरी अडखळ तशीच राहील. तिथे झाडीची घनता, सावल्या आणि मागे चालणारे कार्यक्रम कमी करावे लागतात. हे न पाहताच रेझोल्यूशन उतरवत जाणारे लोक चित्रही घालवतात आणि अडखळही ठेवतात.

सरासरीवर विसंबू नका. सरासरी ९० दाखवत असतानाही सेकंदाला एक फ्रेम चुकली, तर डोळ्याला ती जाणवते. आलेखातले सुळके पाहा. ठरावीक अंतराने येणारा सुळका बहुधा मागे चालणाऱ्या एखाद्या कार्यक्रमाचा असतो. मान वळवल्यावरच येणारा सुळका व्हीआरएएम पुरी भरल्याचे लक्षण असू शकतो. तिथे टेक्स्चरची (वस्तूंच्या पृष्ठभागावरच्या चित्रांची) पातळी एक पायरी खाली आणली की काम होते. मुदतीच्या अगदी काठावर चालवणेही बरे नाही. ९० हर्ट्झसाठी जड जागी जीपीयूची वेळ साडेनऊ मिलिसेकंदांच्या आसपास राहील असे पाहावे, म्हणजे अचानक भार वाढला तरी जागा उरते.

५. रिफ्रेश रेट ठरवा

इथे माझे मत स्पष्ट आहे : निवांत खेळासाठी स्थिर ७२ किंवा ८० हर्ट्झ हे डळमळीत १२० पेक्षा केव्हाही चांगले. कयाक सावकाश चालते, मान सावकाश वळते. १२० वर गेल्याने जी मुदत ८.३ मिलिसेकंदांवर येते, तीच ८० वर १२.५ असते. या सव्वाचार मिलिसेकंदांत रेझोल्यूशन लक्षणीय वाढवता येते आणि किनाऱ्याचा तपशील कायम डोळ्यांसमोर राहतो. काहींना ७२ वर उजळ आकाश लुकलुकताना जाणवते. त्यांनी ८० किंवा ९० निवडावे. एकदा ठरवलेला दर पुढच्या पायऱ्यांमध्ये बदलू नये, नाहीतर वहीतले सगळे आकडे निरुपयोगी होतात.

६. रेझोल्यूशन

क्वेस्ट ३ च्या एका डोळ्याचा पडदा २०६४ × २२०८ पिक्सेलांचा आहे. दोन्ही मिळून सुमारे ९१ लाख पिक्सेल होतात, म्हणजे ४के टीव्हीच्या सुमारे ८३ लाखांपेक्षाही जास्त. क्वेस्ट २ वर ही संख्या सुमारे ७० लाख आहे. पण कार्डाला एवढ्यावर भागत नाही. भिंगांमुळे चित्र कडांकडे ताणले जाते, त्यामुळे ते आधी वाकवून पाठवावे लागते. वाकवल्यावरही मध्यभाग पडद्याइतका स्पष्ट राहावा, यासाठी स्टीमव्हीआर १०० टक्क्यांवरसुद्धा पडद्यापेक्षा मोठे चित्र काढून घेते. म्हणून १०० टक्के म्हणजे ‘पडद्याइतकेच’ असे समजू नये, आणि १०० च्या खाली गेल्याने काही बिघडते असेही मानू नये.

सर्वांत मोठा सापळा इथे आहे. रेझोल्यूशन ठरवणाऱ्या जागा अनेक आहेत : मेटाच्या अ‍ॅपमधली पट्टी किंवा व्हर्च्युअल डेस्कटॉपची गुणवत्ता-पातळी, स्टीमव्हीआरची सर्वसाधारण टक्केवारी, स्टीमव्हीआरमध्येच त्या एका खेळापुरती असलेली टक्केवारी आणि खेळाच्या आतली स्वतःची पट्टी. यांचा गुणाकार होतो. स्टीमव्हीआरमध्ये सर्वसाधारण १५० आणि खेळापुरते १५० ठेवले, तर एकूण २२५ टक्के होतात आणि चांगले कार्डही गुडघे टेकते. त्यातही मापे वेगवेगळी आहेत. स्टीमव्हीआरची टक्केवारी एकूण पिक्सेलांवर असते, म्हणजे १५० टक्क्यांवर रुंदी-उंची प्रत्येकी साधारण सव्वापट होते. मेटाच्या अ‍ॅपमधला १.५ हा आकडा मात्र रुंदीला आणि उंचीला स्वतंत्रपणे लागतो, म्हणजे पिक्सेल सव्वादोनपट.

यावर उपाय एकच : एक जागा निवडा आणि बाकीच्या सगळ्या १०० टक्के किंवा १.० वर आणून ठेवा. व्हर्च्युअल डेस्कटॉप वापरत असाल तर स्टीमव्हीआर १०० वर ठेवून केवळ व्हर्च्युअल डेस्कटॉपची पातळी बदला. तिथे मीडियम, हाय, अल्ट्रा, गॉडलाइक अशा नावांच्या पायऱ्या आहेत. मेटाच्या लिंकवर (केबलने किंवा एअर लिंकने) असाल तर अ‍ॅपमधली पट्टी १.० वर ठेवून स्टीमव्हीआरमधली त्या खेळापुरतीची टक्केवारी बदला. स्टीमव्हीआरमध्ये टक्केवारीशेजारी प्रत्यक्ष रुंदी-उंची दिसते. वहीत टक्के न लिहिता ती रुंदी-उंची लिहावी.

मग दहा-दहा टक्क्यांनी वर जा आणि प्रत्येक वेळी त्याच जड जागी जीपीयूची वेळ पाहा. जिथे वेळ ठरवलेल्या मर्यादेला टेकते, त्याच्या एक पायरी आधी थांबा. हे करताना खेळातल्या सजावटीच्या सेटिंग्ज मध्यम ठेवाव्यात, कमाल नव्हे. निवांत खेळात मध्यम सावल्या आणि स्वच्छ किनारा हे चित्र, उत्तम सावल्या आणि धूसर किनारा या चित्रापेक्षा कितीतरी अधिक खरे वाटते.

७. खेळाच्या आतल्या सेटिंग्ज

रेझोल्यूशन बसल्यावर उरलेला वेळ सजावटीवर खर्च करा. काय आधी कमी करावे, याचा माझा क्रम असा आहे. पहिली जाते सावल्यांची गुणवत्ता. कमाल आणि मध्यम यांतला फरक हेडसेटमध्ये फारसा कळत नाही आणि वेळ मात्र बराच वाचतो. दुसरे, ब्लूम (उजळ भागाभोवतीचे तेजोवलय) आणि मोशन ब्लर (हलताना येणारा पुसटपणा) यांसारखे कॅमेऱ्याचे परिणाम. मोशन ब्लर व्हीआरमध्ये असेल तिथे बंदच करावा. तिसरी, दूरच्या झाडीची घनता. पाण्याची गुणवत्ता मी सर्वांत शेवटी खाली आणतो, कारण कयाकच्या खेळात तुम्ही पूर्ण वेळ पाण्याच्या हातभर वर बसलेले असता. वल्ह्याचे पाते पाण्यात शिरताना उठणारी वर्तुळे आणि उथळ तळावर हलणाऱ्या प्रकाशरेषा दिसल्या नाहीत, तर हा खेळ घेण्याचे कारणच उरत नाही.

कडा गुळगुळीत करण्याच्या पद्धतींकडे नीट लक्ष द्या. एमएसएए वस्तूंच्या कडा सुबक करते, पण पाण्यावरची चकाकी आणि पानांची चमचम तिला आवरत नाही. टीएए मागच्या फ्रेमचा आधार घेऊन चमचम शांत करते, मात्र चित्र किंचित मऊ पडते. डीएलएसएस (लहान काढलेले चित्र एआयने मोठे करण्याची एनव्हिडियाची पद्धत) हाही मागच्या फ्रेमवर आधारलेला प्रकार आहे. ‘कयाक व्हीआर: मिराज’मध्ये तो आहे आणि त्यासाठी एनव्हिडियाचे आरटीएक्स मालिकेतले कार्ड लागते. डीएलएसएसच्या ‘क्वालिटी’ पातळीवर चित्र रुंदी-उंचीच्या सुमारे दोन-तृतीयांश आकारात काढले जाते, ‘परफॉर्मन्स’ पातळीवर निम्म्या आकारात. साध्या मॉनिटरवर निम्मा आकार खपून जातो. हेडसेटमध्ये डोळा पडद्याच्या इतका जवळ असतो की दूरची झाडे विरघळल्यासारखी दिसतात. म्हणून ‘क्वालिटी’ पातळी निवडा आणि वाचलेला वेळ सहाव्या पायरीकडे परत जाऊन रेझोल्यूशन वाढवण्यासाठी वापरा. उडणाऱ्या पक्ष्यामागे पुसट रेघ राहते का, हेही एकदा तपासा. ती या पद्धतीची ओळखीची खूण आहे.

प्रत्येक वेळी एकच सेटिंग बदला. ‘अल्ट्रा’सारखी एकगठ्ठा पातळी निवडली, तर कशाने काय झाले ते कळत नाही.

८. कृत्रिम फ्रेम

खेळाला वेळेत फ्रेम देता आली नाही की स्टीमव्हीआरचे मोशन स्मूदिंग, मेटाचे अ‍ॅसिंक्रोनस स्पेसवॉर्प किंवा व्हर्च्युअल डेस्कटॉपचे सिंक्रोनस स्पेसवॉर्प मधली फ्रेम अंदाजाने तयार करते. खेळ ९० ऐवजी ४५ फ्रेम काढतो, उरलेल्या ४५ बनवल्या जातात. दूरच्या डोंगरावर हे छान जमते. जवळच्या वल्ह्याच्या कडेला मात्र पाणी वितळल्यासारखे थरथरते, कारण वल्हे पुढे गेल्यावर त्यामागे काय दिसायला हवे होते हे त्या अंदाजाला माहीत नसते. कार्ड अगदीच अपुरे असेल तर ही सोय कायम चालू ठेवावी. सततची सारखी थरथर मधूनच येणाऱ्या धक्क्यांपेक्षा सोसवते. चालू-बंद, चालू-बंद असे होऊ देणे मात्र ती कायम चालू किंवा कायम बंद ठेवण्यापेक्षा वाईट आहे.

९. उष्णता आणि लॅपटॉप

पहिली दहा मिनिटे सुरळीत आणि मग अडखळ, असे होत असेल तर सेटिंग्ज बदलण्यापूर्वी तापमान पाहा. नागपूर-अकोल्याच्या मे महिन्यात पंख्याखाली ठेवलेला लॅपटॉप जानेवारीइतका वेग टिकवू शकत नाही; कार्ड तापले की ते स्वतःचा वेग कमी करते. म्हणून मोजणी निदान वीस मिनिटे खेळ चालू राहिल्यावर पुन्हा एकदा करावी. लॅपटॉप नेहमी चार्जर लावूनच वापरावा, मागची बाजू थोडी उचललेली असावी आणि विंडोजची पॉवर मोड उच्च कामगिरीवर असावी.

लॅपटॉप विकत घेताना नावावर जाऊ नका. आरटीएक्स ४०७० हे नाव दोन्हीकडे असले तरी डेस्कटॉपच्या कार्डावर १२ जीबी स्मृती असते आणि लॅपटॉपच्या कार्डावर ८ जीबी. वीज घेण्याची मर्यादाही लॅपटॉपगणिक बदलते. कुणी डेस्कटॉपवरच्या सेटिंग्ज सांगितल्या, तर त्या लॅपटॉपवर जशाच्या तशा उतरवू नका.

१०. पैसे परत मिळण्याची मुदत

स्टीमवर घेतलेला खेळ १४ दिवसांच्या आत आणि एकूण दोन तासांपेक्षा कमी खेळलेला असेल तर परत करता येतो. सेटिंग्ज जुळवण्यात गेलेला वेळही या दोन तासांत धरला जातो, हे पुष्कळांना माहीत नसते. म्हणून पहिल्या तीन पायऱ्या, म्हणजे भिंगे, केबल आणि राउटर, हा खेळ घेण्यापूर्वीच ‘स्टीमव्हीआर होम’ या मोफत सुरुवातीच्या दृश्यात किंवा एखाद्या फुकट खेळात उरकून घ्या. खेळ उघडल्यावर थेट चौथ्या पायरीपासून सुरुवात करा. रेझोल्यूशन १०० टक्के, सजावट मध्यम आणि दर ७२ ठेवूनही जड जागी जीपीयूची वेळ १८-२० मिलिसेकंदांवर अडकली असेल, तर तासाभरात निर्णय घ्या आणि परतीची मागणी करा.

११. संगणक नसेल तर

प्लेस्टेशन ५ असलेल्यांना यातले जवळजवळ काहीच करावे लागत नाही. प्लेस्टेशन व्हीआर२ ला नजरेचा माग काढता येतो, त्यामुळे तिथल्या खेळांना पाहिलेला भाग स्पष्ट आणि बाकीचा हलका काढता येतो; ओएलईडी पडद्यामुळे रात्रीचा काळोखही खरा काळा दिसतो. क्वेस्टच्या एलसीडी पडद्यावर रात्र करडीच दिसणार, ती कोणत्याही सेटिंगने काळी होत नाही. हाच हेडसेट २०२४ मध्ये आलेल्या अ‍ॅडॉप्टरने संगणकालाही जोडता येतो, पण तिथे नजरेचा माग आणि एचडीआर (उजेड-अंधाराची वाढीव श्रेणी) ही दोन्ही वैशिष्ट्ये चालत नाहीत. त्यामुळे संगणकावर वरच्या चौथ्या पायरीपासूनची सगळी मोजणी त्यालाही लागू होते. केवळ क्वेस्टवरच चालणारे निवांत खेळ घेणाऱ्यांच्या हातात थोड्याच गोष्टी उरतात : भिंगे स्वच्छ ठेवणे, अंतर नीट बसवणे, खेळण्यापूर्वी हेडसेट पुन्हा सुरू करणे आणि चित्रीकरण बंद ठेवणे, कारण खेळ चालू असताना व्हिडिओ टिपण्याचे काम त्याच लहान चिपवर पडते.